न जळलेली वासवदत्ता

रामटेकच्या डोंगरावरून निघालेल्या ढगाला ‘मेघदूता’तला यक्ष वाट सांगतो, तेव्हा उज्जैन काही सरळ वाटेवर नसतं. थोडा वळसा पडेल, पण उज्जैन चुकवू नकोस, अशी तो गळ घालतो. (रामगिरी म्हणजे रामटेक हे वा. वि. मिराशींनी लावून धरलेलं मत. ते सगळ्यांना मान्य नाही, पण आपण विदर्भाच्या बाजूने.) अवंती देशाची ओळख करून देताना यक्ष नदी सांगत नाही, देऊळ सांगत नाही, आधी माणसं सांगतो: ‘प्राप्यावन्तीनुदयनकथाकोविदग्रामवृद्धान्’. जिथल्या खेड्यापाड्यांतली म्हातारी माणसं उदयनाची गोष्ट सांगण्यात तरबेज आहेत, तो हा देश. कालिदासाच्या वेळी ही गोष्ट आठ-नऊशे वर्षं जुनी झाली होती आणि तरी पारावर बसून सांगितली जात होती.

गोष्ट थोडक्यात अशी. उदयन हा वत्स देशाचा राजा, राजधानी कौशांबी. वीणा वाजवून रानटी हत्ती वश करण्यात त्याचा हात धरणारा कोणी नाही. अवंतीचा राजा प्रद्योत त्याचा हाच नाद ओळखून खोट्या हत्तीच्या आमिषाने त्याला पकडतो, उज्जैनला कैदेत ठेवतो. तिथे राजकन्या वासवदत्तेला शिकवता शिकवता दोघांचं जुळतं आणि दोघं हत्तिणीवर बसून पळ काढतात. कुठलीही साधी प्रेमकथा इथे संपली असती. ही इथून सुरू होते. उदयन वासवदत्तेत इतका गुंततो की राज्य हातचं जातं. ते परत मिळवायचं तर मगधाची मदत हवी, मदत हवी तर मगधाच्या राजकन्येशी सोयरीक हवी, आणि वासवदत्ता डोळ्यांसमोर असताना हा राजा दुसरीकडे बघणार नाही. तेव्हा मंत्री यौगंधरायण लावाणक गावातल्या राजाच्या मुक्कामाला आग लावतो आणि राणी जळून गेली अशी आवई उठवतो. राणी त्या कटात स्वतः सामील असते.

मला या कथेतलं सगळ्यात विलक्षण वाटतं ते हे, की ती जिथे जिथे गेली तिथे आग तिच्या पाठोपाठ गेली.

आधी इतिहासात किती आहे ते पाहू. उदयन आणि प्रद्योत ही दोन्ही माणसं बुद्धाच्या काळातली, इ.स.पू. सहाव्या-पाचव्या शतकातली. सोळा महाजनपदांपैकी चार तेव्हा जोरावर होती: मगध, कोसल, वत्स आणि अवंती. कौशांबी यमुनेच्या काठी, प्रयागराजपासून साधारण पन्नास किलोमीटरवर, आजचं कोसम. जुन्या कोसमची ही ओळख कनिंगहॅमने 1861 मध्ये पटवली आणि 1949 पासून अलाहाबाद विद्यापीठाच्या गो. रा. शर्मांनी तिथे उत्खनन केलं, तेव्हा बौद्ध ग्रंथांतून सतत भेटणाऱ्या घोषिताराम विहाराची जागा लेखासकट हाती लागली. प्रद्योत तर शेजाऱ्यांची झोप उडवणारा राजा. पाली ग्रंथांत त्याच्या नावामागे ‘चंड’ लागतं ते उगीच नाही. त्याच्या भीतीने मगधाच्या अजातशत्रूने राजगृहाची तटबंदी पक्की करून घेतली, असं ‘मज्झिमनिकाया’त आलंय. म्हणजे वत्स मधोमध, एका बाजूला अवंती, दुसऱ्या बाजूला मगध. नकाशावर बोट ठेवून पाहिलं की उदयनाच्या दोन लग्नांचा अर्थ लगेच कळतो. एक बायको अवंतीची, एक मगधाची.

जैन परंपरेने याच्या मागचं एक पान जपलंय. उदयनाची आई मृगावती. तिचं चित्र पाहून प्रद्योत भुलला आणि कौशांबीवर चालून आला, अशी ती कथा. मृगावती पुढे महावीरांसमोर दीक्षा घेऊन सुटली. ज्याने आईसाठी वेढा घातला, त्याचीच मुलगी पोराने पळवून आणली! कथाकारांना असा हिशेब फार आवडतो, त्यामुळे तो किती खरा मानायचा ते ज्याचं त्याने ठरवावं.

पाली अट्ठकथेत, म्हणजे धम्मपदावरच्या टीकेत, ही पळवापळवी अगदी रंगून सांगितली आहे. तिथे राजाचं नाव उदेन, तिचं वासुलदत्ता. लाकडाचा हत्ती बनवतात, वर रंगवतात, पोटात साठ माणसं बसवतात. हत्ती खरा वाटावा म्हणून आतली माणसं मधूनमधून लीद बाहेर टाकतात! उदेन पकडला जातो, पण हत्ती वश करायचा मंत्र काही देत नाही. शिकणाऱ्याने आधी मला नमस्कार केला पाहिजे, ही त्याची अट. प्रद्योत कसला नमस्कार करतो! तो मुलीला पुढे करतो, पण मध्ये पडदा धरून. उदेनाला सांगतो, पलीकडे एक कुबडी बाई आहे. मुलीला सांगतो, पलीकडे एक कोडी माणूस आहे. बरेच दिवस शिकवणी चालते. एक दिवस तिच्या तोंडी मंत्र बसेना, तेव्हा हा वैतागून ‘कुबडे’ म्हणून खेकसला. ती म्हणाली, कोड्या, माझ्यासारखीला कुबडी म्हणतोस? पडदा वर गेला. पुढचं सांगायला नको.

पळताना पाठलाग करणाऱ्यांना थोपवायला हत्तिणीवरून नाण्यांच्या थैल्या रिकाम्या केल्या, लोक वेचत बसले आणि ही निसटली. हा प्रसंग नुसता पोथीत राहिलेला नाही. कौशांबीच्याच मातीत साच्यातून काढलेले भाजक्या मातीचे फलक सापडले, शुंगकाळातले, म्हणजे दोन हजार वर्षांहून जुने. हाताच्या पंजात मावेल असं काम. धावणारा हत्ती, वर बसलेली जोडी, आणि मागचा स्वार वळून थैली उपडी करतोय. गोल नाणी खाली सांडताहेत, जमिनीवर माणसं वाकून ती गोळा करताहेत. साच्याचं काम म्हणजे एकाच्या जागी पुष्कळ नमुने निघणार. कौशांबीच्या घराघरांत आपल्या राजाचं हे पराक्रमी पलायन भिंतीला लागलेलं असावं, असं म्हणायला जागा आहे. जवळपास त्याच सुमाराला पतंजली ‘महाभाष्या’त ‘वासवदत्ता’ नावाच्या आख्यायिकेचा दाखला देतो, आणि ती जाणणाऱ्याला काय म्हणायचं तेही व्याकरणाच्या नियमाने सांगतो: वासवदत्तिक. कालिदासाचे गावकरी म्हातारे हे असे वासवदत्तिक.

बौद्धांना मात्र उदेनाचं फारसं कौतुक नाही. त्यांच्या गोष्टींतला उदेन दारू पिऊन पिंडोल भारद्वाज या भिक्खूच्या अंगावर तांबड्या मुंग्या सोडू पाहणारा राजा आहे. ज्या भद्दवतिका हत्तिणीने त्याला उज्जैनहून सुखरूप आणलं, ती म्हातारी झाल्यावर तिचा मान गेला, दाणावैरण तुटली आणि बुद्धाने राजाला तिच्या उपकारांची आठवण करून द्यावी लागली, असं एका जातकाच्या प्रास्ताविकात सांगितलंय. आणि त्याच अट्ठकथेत पहिली आग आहे, खरीखुरी. उदेनाची राणी सामावती बुद्धाची उपासक. सवत मागंदिया तिचा द्वेष करते आणि महालाला आग लावून तिला पाचशे दासींसह जाळून मारते.

संस्कृत परंपरेत हीच आग खोटी होऊन येते. सामावतीची खरी आग आणि लावाणकातली बनावट आग यांचं काही नातं असेल का? पुरावा नाही, त्यामुळे मी ताणत नाही. पण राजा तोच, राणी तीच नसली तरी राणीच, आणि जळतं ते राजघर. एकीकडे सवतीपायी बाई जळते, दुसरीकडे सवत यावी म्हणून बाई जळल्याचं सोंग करते.

संस्कृत कथांचा झरा कुठून निघाला म्हणाल तर आपल्या पैठणहून. सातवाहनाच्या दरबारातल्या गुणाढ्याने पैशाची भाषेत ‘बृहत्कथा’ लिहिली, ती उदयन आणि त्याचा मुलगा नरवाहनदत्त यांच्याभोवती गुंफलेली. मूळ ग्रंथ हरवला. अकराव्या शतकात काश्मीरच्या सोमदेवाने राणी सूर्यवतीसाठी ‘कथासरित्सागर’ रचला त्यातून आपल्याला तो कळतो, आणि ग्रंथ कसा जळला तेही तिथेच कळतं. जलक्रीडेत राणी म्हणाली, ‘मोदकैर्देव परिताडय माम्’. पाणी नको मारूस, मा उदकैः, असं तिला म्हणायचं होतं. राजाने मोदक मागवले. (शाळेत संस्कृत घेतलेल्या कुठल्याही मराठी माणसाला हा विनोद पाठ असतो, पुढची गोष्ट नसते.) लाजलेल्या राजाला व्याकरण शिकवायला गुणाढ्याने सहा वर्षं मागितली, दरबारातलाच दुसरा पंडित शर्ववर्मा म्हणाला सहा महिने पुरेत. गुणाढ्य पैज हरला आणि संस्कृत, प्राकृत, देशी या तिन्ही भाषा सोडून बसला. उरली पैशाची. त्या भाषेत, शाई नाही म्हणून स्वतःच्या रक्ताने, त्याने सात लाख श्लोक लिहिले. राजाने ते नाकारले.

मग गुणाढ्याने डोंगरावर कुंड पेटवलं. एक पान वाचायचं, ते आगीत टाकायचं. ऐकायला रानातली जनावरं आणि पाखरं गोळा झाली, चरणं विसरून डोळ्यांत पाणी आणून उभी राहिली. इकडे राजाच्या ताटातलं मांस वाळकं येऊ लागलं. चौकशी झाली, राजा धावत रानात आला, तोवर सहा लाख श्लोक जळून गेले होते. उरला एक लाख. आपल्यापर्यंत पोचलेली उदयनाच्या घराण्याची गोष्ट म्हणजे हा आगीतून राहिलेला सातवा हिस्सा, असं परंपरा सांगते. दंतकथाच आहे. पण आपल्या वाङ्मयाबद्दल अशी दंतकथा रचणारा समाज कसा असेल, याचं मला राहून राहून नवल वाटतं.

आता संस्कृत नाटककार भास. उदयनावरची भासाच्या नावाची दोन नाटकं आहेत. ‘प्रतिज्ञायौगंधरायण’ हे पकडण्याचं आणि सोडवण्याचं नाटक, आणि त्यात उदयनही रंगमंचावर येत नाही, वासवदत्ताही नाही! सगळं प्रेम पडद्यामागे. पुढे दिसतात वेडा, श्रमण अशी सोंगं घेतलेले उदयनाचे मंत्री आणि हेर. प्रेमकथेला एवढं राजकारणाच्या हवाली करणारा दुसरा नाटककार मला माहीत नाही. या कथानकावर पुढे भामहाने आपल्या अलंकारग्रंथात चांगलंच तोंडसुख घेतलं: हत्तींचं शास्त्र जाणणाऱ्या राजाला खोटा हत्ती ओळखू येऊ नये? प्रश्न बिनतोड आहे. गोष्ट तरी टिकली.

‘स्वप्नवासवदत्त’ मात्र वेगळंच प्रकरण. सहा अंक. आग लागून गेलेली आहे, आणि आपण जळून मेलेल्या बाईच्या सोबत चालतो आहोत. यौगंधरायण तिला आवंतिका या नावाने, आपली बहीण म्हणून, मगधाच्या राजकन्येकडे, पद्मावतीकडे ठेव म्हणून सोपवतो. ठेव म्हणजे न्यास. नाटकात हा शब्द फार जपून वापरलाय. नवऱ्याचं दुसरं लग्न जिच्याशी ठरायचंय तिच्याच घरात ती राहते, तिच्याशी चेंडू खेळते, तिला आवडूही लागते.

तिसरा अंक सगळ्यात लहान आणि माझ्या मते सगळ्यात क्रूर. लग्नाची घाई चाललीय. आवंतिकेचा हात चांगला, म्हणून नवरीची माळ गुंफायचं काम तिच्याकडेच येतं. दासी फुलं-पानं आणून देते. ती एक वनस्पती उचलून विचारते, ही कसली? दासी म्हणते, हिचं नाव ‘अविधवाकरण’. ही मात्र भरपूर गुंफायला हवी, माझ्यासाठी आणि पद्मावतीसाठी, असं ती मनाशी म्हणते. आणि ही दुसरी? ‘सपत्नीमर्दन’. सवतीचा नाश करणारी. ही नको गुंफायला. का? अहो, त्याची बायको मेलीये ना, मग हिचा उपयोग काय. बस, एवढंच. बाहेरून दुसरी दासी येते, घाई करा, जावई आत चाललेत.

चौथ्या अंकात विदूषक बागेत राजाला छेडतो: खरं सांगा, वासवदत्ता आवडायची की पद्मावती जास्त आवडते? वेलीआड या दोघीही उभ्या आहेत. राजा आढेवेढे घेतो, मग म्हणतो, पद्मावती रूपाने, शीलाने, गोडव्याने मला फार मान्य आहे, पण वासवदत्तेत गुंतलेलं मन ती काढून घेऊ शकत नाही. आडून ऐकणाऱ्या वासवदत्तेला वाटतं, अज्ञातवासातही काही गुण आहेच म्हणायचा. राजाच्या डोळ्यांत पाणी येतं. पद्मावती समोर येते तेव्हा तो सांगतो, काशफुलाचा कण उडून डोळ्यात गेला.

पाचव्या अंकात स्वप्न. पद्मावतीचं डोकं दुखतंय म्हणून समुद्रगृहात तिची शेज घातली आहे. राजा आधी पोचतो, तिची वाट बघत तिथेच झोपून जातो. मंद दिव्यात वासवदत्ता येते, झोपलेली पद्मावती समजून शेजेवर बसते. झोपेतला माणूस बोलतो: ‘हा वासवदत्ते!’ ती दचकून उठते, पण जात नाही. तो झोपेत विचारतो, रागावलीस का? ती म्हणते, नाही नाही, दुःखी आहे. मग दागिने का घातले नाहीत? आणि मग हा पठ्ठ्या स्वप्नातही विचारतो, विरचिकेची आठवण झाली का? विरचिका म्हणजे जुनं प्रकरण. ती फटकारते, चल, इथेही विरचिकाच! बारा-चौदा वाक्यांचा तो संवाद, आणि त्यात मेलेल्या बायकोला सवतीचा राग येतो. निघताना तिला त्याचा शेजेखाली लोंबणारा हात दिसतो. तो उचलून ती नीट वर ठेवते आणि जाते. त्या स्पर्शाने तो जागा होतो, मागे धावतो, दाराच्या फळीवर आपटतो. हे स्वप्न असेल तर न उठणंच बरं होतं आणि भ्रम असेल तर तो असाच राहो, हा श्लोक त्यानंतरचा. मला श्लोकापेक्षा तो उचलून ठेवलेला हात जास्त भासाचा वाटतो.

शेवट गोड आहे. उज्जैनहून आलेल्या चित्रावरून पद्मावती आपल्या घरातल्या आवंतिकेला ओळखते. चित्र कसलं? मुलगी पळून गेल्यावर आईबापांनी दोघांची चित्रं काढून चित्रांचंच लग्न लावलं होतं. सोमदेवाकडे ओळख वेगळ्या खुणेने पटते: न कोमेजणारी माळ आणि टिळा पाहून उदयनाला कळतं की ही विद्या मी एकाच बाईला शिकवली होती.

पुढच्यांनी वासवदत्तेला आपापल्या कामाला लावलं. भवभूती विदर्भातल्या पद्मपुरचा. त्याच्या ‘मालतीमाधवा’त कामंदकी मालतीला फूस लावताना दाखला देते की बापाने संजय राजाला देऊ केलेली वासवदत्ता स्वतःहून उदयनाची झाली. सातव्या शतकात हर्षाच्या ‘रत्नावली’त ती थोरली राणी होते, नव्या मुलीला, सागरिकेला, बेड्या घालणारी. तिथेही यौगंधरायणाने लावाणकातल्या आगीची जुनी थाप सिंहलाच्या राजाला मारलेली आहे, त्याची मुलगी मिळावी म्हणून. आणि शेवटच्या अंकात अंतःपुराला आग लागते, जादूगाराने दाखवलेली. तेव्हा वासवदत्ताच घाबरून म्हणते, ती आत बांधलेली आहे, तिला वाचवा. (सुबंधूची ‘वासवदत्ता’ निराळी, मथुरेची उपगुप्ताच्या कथेतली गणिका वासवदत्ता निराळी. घोळ नेहमी होतो.)

भासाची नाटकं मधल्या काळात नाहीशी झाली. नाव तेवढं राहिलं, आणि एक श्लोक. राजशेखर या संस्कृत कवीचा. आपल्या पणजोबाला तो ‘महाराष्ट्रचूडामणि’ म्हणतो, म्हणजे मुळं इकडचीच. तो सांगतो की जाणकारांनी परीक्षेसाठी भासाची नाटकं आगीत टाकली, तेव्हा ‘स्वप्नवासवदत्तस्य दाहकोऽभून्न पावकः’, स्वप्नवासवदत्ताला अग्नी जाळू शकला नाही. लावाणकातली राणी आणि तिच्यावरचं नाटक, दोन्ही एका ओळीत वाचवलीत. हा श्लोक ज्या ‘सूक्तिमुक्तावली’त सापडतो ती तेराव्या शतकात देवगिरीच्या यादवांकडे तयार झाली, जल्हणाच्या नावाने. जल्हणाचं पद काय? यादवांच्या गजदळाचा प्रमुख. उदयनाची आठवण हत्तीवाल्याकडे टिकावी हे बरंच झालं.

नाटक स्वतः परत आलं ते दक्षिणेतून. त्रिवेंद्रमचे टी. गणपतिशास्त्री 1909 च्या सुमारास पोथ्या धुंडाळत पद्मनाभपुरमजवळच्या एका मठात पोचले. तिथे मल्याळी लिपीतली ताडपत्रं मिळाली. पुढे तेरा नाटकं त्यांनी प्रसिद्ध केली, ‘स्वप्नवासवदत्त’ 1912 मध्ये. लगेच वाद पेटला, कारण प्रस्तावनेत कर्त्याचं नावच नाही. चिं. रा. देवधरांनी पुण्याहून ही सगळी नाटकं ‘भासनाटकचक्र’ म्हणून 1937 मध्ये एकत्र छापली, अ. द. पुसाळकरांनी भासावर मोठा ग्रंथ लिहिला. वाद मिटला नाही. शंका घेणाऱ्यांच्या हातातला एक पुरावा असा: बाराव्या शतकातल्या ‘नाट्यदर्पणा’त भासाच्या स्वप्नवासवदत्तातला म्हणून एक श्लोक दिलाय, आणि तो छापील नाटकात कुठेच नाही. शेफालिकेखालच्या दगडी बैठकीकडे पाहून वत्सराज म्हणतो:

पादाक्रान्तानि पुष्पाणि सोष्म चेदं शिलातलम् ।
नूनं काचिदिहासीना मां दृष्ट्वा सहसा गता ॥

फुलं पायाखाली चिरडली आहेत, दगड अजून ऊन आहे. इथे कोणीतरी बसली होती, आणि मला पाहून एकदम उठून गेली.